चुन्याच्या दगडांतली खरपुडी

सासरच्या घराला मागचं दार होतं, पण त्यातून कुठं जाता येत नव्हतं. दार उघडलं की परडं, आणि परड्याला लागून डोंगर. तोही असा उभा, की मान मागे टाकली तरी सगळा दिसायचा नाही. पाटणहून येणारी एसटी जिथं वळून परत जायची ते आमचं गाव, आणि गावातलं शेवटचं घर आमचं. मी सांगलीची, सपाट मुलखात वाढलेली. भांडी घासायला परड्यात बसले की समोरचा तो काळा कडा अंगावर आल्यासारखा वाटायचा. पावसाळ्यात तर ढग कड्यापर्यंत खाली यायचे आणि आभाळाची उरलेली फटही बुजून जायची.

नव्वद साल उलटून दोन-तीन वर्षं झाली असतील. लग्न ठरताना माझ्या वडिलांनी एकच गोष्ट मागितली होती. कोल्हापूरला माझं वनस्पतिशास्त्राच्या एम.एस्सी.चं पहिलं वर्ष झालं होतं, दुसरं पूर्ण करू द्यावं. मामंजींनी, म्हणजे माझ्या सासऱ्यांनी, भर बैठकीत मांडीवर थाप मारून सांगितलं, "शिकू दे की! आमी काय अडानी हाय व्हय?" मामंजी सैन्यातून सुभेदार होऊन निवृत्त झालेले. ताठ कण्याचे आणि शब्दाचे पक्के, असं गावात त्यांचं नाव होतं. नवराही सैन्यातच. लग्नाची रजा संपली तसा तो सरहद्दीवर गेला आणि मी त्याच्या घरी राहिले.

जूनमध्ये वर्ग सुरू झाले. मामंजी म्हणाले, पेरणी होऊ दे. पेरणी झाली. मग म्हणाले, भाताची लावण होऊ दे. चिखलात पाय कुजेपर्यंत लावण केली. मग आखाड निघाला, मग श्रावण, मग म्हणाले, गौरी-गणपती तेवढे जाऊ देत. कुणी एकदा तोंडानं नाही म्हणालं असतं तर बरं झालं असतं. निदान भांडता तरी आलं असतं.

आणि भांडायचं कुणाशी? आमच्या घरात सून सासऱ्याशी समोरासमोर बोलत नसे. मामंजी बाहेर सोप्यात, मी आत माजघरात आणि मधे उंबऱ्यावर आत्याबाई, माझ्या सासूबाई. मामंजींना काही सांगायचं असलं तर ते आत्याबाईंना सांगत, आणि माझं उत्तर आत्याबाई घेऊन जात. दोघांमध्ये अंतर एका भिंतीचं. सगळ्यांना सगळं ऐकू जायचं, तरी ऐकू न गेल्यासारखं वागायचं.

जूनमधलीच गोष्ट. मी आत्याबाईंना म्हणाले, "मामंजींना सांगा, आठवड्याच्या आत मला कोल्हापूरला गेलंच पाहिजे." आत्याबाई मान हलवून बाहेर गेल्या. दाराआडून मी ऐकलं तर त्या सांगत होत्या, "आवं, पोरगी म्हनती, तुमास्नी सवड झाली की बघू, घाई न्हाई." माझ्या अंगाचा नुसता भडका उडाला. त्या आत आल्या तेव्हा मी विचारलं, असं कसं सांगितलंत? तर परातीत पीठ घेत अगदी शांतपणे म्हणाल्या, "त्यास्नी सरळ सांगितलं की उलटं करत्यात. गोडीनं घ्यावं लागतं. म्या उभा जल्म आसंच केलंया." मी कपाळावर हात मारला. पण खरं सांगायचं तर त्या घरात मला जीव लावणारं माणूस तेवढं एकच होतं. माझं ताट वाढून झाकून ठेवणाऱ्या त्याच, आणि थंडी वाजून आली तेव्हा रात्रभर माझे पाय चोळणाऱ्याही त्याच.

गौरी आणायच्या दिवशी बायका डोंगरावर जात. घरातल्या सुनेनं वर्षातून एकदा, कुणाला न विचारता डोंगर चढायचा तो हाच दिवस. तेरड्याची रोपं मुळांसकट उपटून आणायची, कारण मुळं म्हणजे गौरीची पावलं. नवी सून म्हणून त्या वर्षी मान माझा होता. आत्याबाई आणि गावातल्या चार-पाच जणींबरोबर मी वर गेले. भाद्रपदातलं ऊन पडलं होतं आणि बायका तेरडा उपटत दंगा करत होत्या. मी मात्र त्या कड्याच्या कुशीतली अरुंद सपाटी बघत उभी राहिले. परड्यातून ती रोज नुसती हिरवी दिसायची. जवळून पाहिलं तर कमरेएवढं गवत, मधे काटेरी झुडपं, आणि झुडपाच्या आधारानं वर चढलेला एक बारीक वेल.

त्याला फुलं होती. बोटभर लांबीची, फिकट हिरवी, बुडाशी फुगीर, वर निमुळती नळी आणि नळीच्या तोंडावर पाच पाकळ्यांची टोकं एकमेकांना चिकटून झालेला छोटा पिंजरा. देवळातला कंदील असावा तसं. कोल्हापूरला पहिल्या वर्षी शिकवणाऱ्या मॅडमनी आम्हाला हे कंदीलपुष्प कागदावर चिकटवलेलं, वाळून तपकिरी झालेलं दाखवलं होतं. मॅडम म्हणाल्या होत्या, या गटातल्या कितीतरी जाती फक्त सह्याद्रीतच उरल्यात, त्याही एखाद्या डोंगरावर, एखाद्या उतारावर. मी तिथंच गवतात बसले. आजूबाजूला शोधलं तर तसले आणखी थोडे वेल सापडले, बोटांवर मोजण्याइतकेच.

एका बाईनं वेलाला हात घातला. "ही तर खरपुडी! हिचा कांदा ग्वाड लागतो. आमी गुरामागं असताना लय खाल्लाय." मी तिचं मनगटच धरलं. नव्या सुनेनं असं धरलेलं बघून सगळ्या माझ्याकडं बघायला लागल्या. मग मी एक फूल उभं चिरून त्यांना दाखवलं. आत बारीक माश्या होत्या, चिलटांएवढ्या. वासानं माशी आत उतरते, नळीतले केस खाली वळलेले असतात, त्यामुळे तिला परत वर येता येत नाही. रात्र आत काढते. मग केस सुकतात, फूल कलतं आणि परागकण अंगाला चिकटवून घेऊन ती सुटते. आत्याबाई पदर तोंडाला लावून म्हणाल्या, "आगं बया, म्हंजी सासरच की!" बायका खो खो हसल्या. मीही हसले. पण मनात म्हणाले, माशीला कुणी आज-उद्या करत नाही, तिच्या वाटेतले केस वेळेवर सुकतात.

त्याच संध्याकाळी माझा भाऊ माहेरची सुपं घेऊन आला. पहिल्या वर्षी गौरीच्या ववशाला, म्हणजे नव्या सुनेनं सुपानं गौर ओवाळायची त्याला, माहेरून सुपं येतात. त्याच्याबरोबर मॅडमचा निरोप होता. दिवाळीच्या सुट्टीआधी आलीस तर हजेरीचं बघता येईल, पण येताना प्रबंधाला विषय घेऊन ये. त्यानंतर मात्र नाव राहणार नाही. मी भावाला माजघराच्या कोपऱ्यात नेऊन सांगितलं, "विषय मिळाला. मॅडमना सांग, कंदीलपुष्प. आमच्या घरामागं." त्या रात्री मला पहिल्यांदा त्या घरात गाढ झोप लागली. ज्या डोंगरानं मला कोंडलं होतं त्यानंच वाट काढून दिली, असं मला वाटलं.

आत्याबाईंना मी सगळं नीट समजावलं होतं. हे झाड जगात फार थोड्या जागी आहे, माझं उरलेलं शिक्षण याच्यावर होऊ शकतं, त्यासाठी मला कोल्हापूरला जाऊन राहावं लागेल. त्यांनी बाहेर जाऊन सांगितलं, "आवं, आपल्या डोंगरात आसं झाड हाय म्हनं जे जगात कुठं न्हाई. पोरीनं वळाकलं." पुढचं त्यांनी गिळलं. गोडीनं घ्यायचं होतं ना.

मामंजी काठी घेऊन लगेच डोंगर चढून गेले. परत आले तेव्हा चेहरा उजळलेला. गणपतीच्या मांडवात त्यांनी स्वतः माईक हातात घेऊन सांगितलं, की आपल्या गावच्या डोंगरात जगातलं दुर्मीळ झाड हाय आणि ते आमच्या सूनबाईनं शोधलंय. आजपास्नं तिथं गुरं जानार न्हाईत, कुनी कांदा काडनार न्हाई. टाळ्या झाल्या. घरी येऊन सोप्यात बसल्या बसल्या, भिंतीपलीकडं मी आहे हे माहीत असून, ते आत्याबाईंना म्हणाले, "झाड हितं हाय, आन ही कोल्हापूरला जाऊन काय करनार? हितंच करू दे आब्यास. म्याडमास्नी हिकडं बोलवू. त्यांचं चहापानी, जेवनखान समदं मी बघतो."

मला पुढं काय ऐकू आलं ते आठवत नाही. विषय घेऊन बाहेर पडायचं होतं, आणि विषयानंच दाराला कडी घातली होती.

खरी गंमत पुढं झाली. गंमत म्हणायचं, नाहीतर काय म्हणायचं? मामंजींनी खरपुडीचं संरक्षण हाती घेतलं. सैन्यात ज्यांनी आयुष्य काढलंय त्यांचं एक असतं. जपायची वस्तू म्हणजे आखलेली, साफ केलेली, चुना लावलेली. त्यांनी दोन गडी घेऊन ती सपाटी कापून काढली. गवत गेलं. काटेरी झुडपं मुळापासून खणली. वेल उघडे पडले तेव्हा प्रत्येकाशेजारी बांबूची सरळ काठी रोवून सुतळीनं बांधले. भोवती आळी केली. मग गोल दगडांची रांग, एक दगड चुन्याचा, एक गेरूचा, एक चुन्याचा, एक गेरूचा. परड्यातून मला ते सगळं दिसायचं. हिरव्या डोंगरावर ती जागा अशी दिसायची, जणू कुणाचं तरी डोकं भादरून त्यावर गंध लावलंय.

मी आत्याबाईंना गाठलं. "त्यांना सांगा, गवत काढू नका. त्याला सावली लागते, आधाराला झुडपंच लागतात. असं उघडं पडलं तर ते मरेल." आत्याबाईंनी ऐकलं आणि गेल्या. मी दाराशी कान लावून उभी. "आवं," त्या म्हणाल्या, "पोरगी म्हनती, लय बेस केलंसा. आता आनिक काय करू नगा, दमला आसशीला." मामंजी खूश. "तिला म्हनावं, आजून कायबी केलं न्हाई म्या. बघच तू."

दुसऱ्या दिवसापासून ते रोज सकाळी कळशी खांद्यावर घेऊन वर चढू लागले. त्या वयात, त्या निसरड्या वाटेनं. गडी पाठवले असते, पण नाही, ड्यूटी स्वतः करायची. पाऊस ओसरला की खरपुडीचा वेल सुकतो आणि कांदा जमिनीखाली कोरडा झोपी जातो, हे त्यांना कुठून माहीत असणार? पानं पिवळी दिसायला लागली तसं त्यांनी पाणी वाढवलं. तरी पिवळी, तेव्हा उसाला घालतात तसा मूठमूठ युरिया घातला. हे आत्याबाईंनी मला कौतुकानं सांगितलं. मी म्हणाले, "आत्याबाई, पाया पडते. एवढा एक शब्द जसाच्या तसा न्या. म्हणा, पाणी घालू नका." त्या गेल्या. जाऊन म्हणाल्या, "पोरीला तुमची लय काळजी वाटती. पाय घसरंल म्हनती." खरंच त्यांना तीच काळजी वाटत होती. मामंजी म्हणाले, "फौजी मानसाचा पाय घसरत नसतो."

मी स्वतः वर जाऊन काही करावं, तर ते बंद झालं होतं. गौरी गेल्या तशी डोंगराची वाट सुनेला बंद. एकदा मी न सांगता निघालेही. परड्याच्या कुंपणापाशी मामंजी वरून उतरताना दिसले आणि मी शेणाची पाटी उचलायला आले असं दाखवून मागे फिरले. पदर डोक्यावर ओढला. आत येऊन चुलीपुढं बसले. बाविशीतली मी, पदवी घेतलेली, त्या झाडाच्या पोटातलं सगळं मला माहीत. आणि दहा पावलांवरच्या माणसाला "पाणी घालू नका" एवढे तीन शब्द सांगायची मला सोय नव्हती. बोलले असते तर काय झालं असतं? कुणी मारलं नसतं. पण बोलायचं नसतं ही गोष्ट तोवर माझ्याही घशात जाऊन बसली होती.

मामंजींनी बोलावणं धाडलं तशा मॅडम ऑक्टोबरच्या उन्हात आल्या. कोल्हापूरहून कराड, कराडहून पाटण, तिथून आमच्या गावची गाडी. सुती साडी आणि पायात कापडी बूट. मामंजींनी ओवाळायला लावलं, नारळ आणि टोपीचा मान दिला, मग बाईमाणसाला टोपी कशी म्हणून गडबडीनं आत्याबाईंच्या पेटीतली नवी चोळी काढून दिली. त्या दिवशी मॅडमबरोबर म्हणून मला वर जायला मिळालं. पुढं मामंजी, मग मॅडम, मग आत्याबाई आणि मी.

वर पोहोचल्यावर मामंजी टाचा जुळवून उभे राहिले. "बघा म्याडम. एक काडी आडवी ठिवली न्हाई."

पांढरे आणि तांबडे दगड लखलखत होते. मधली माती ओली, काळी. काठ्यांना सुतळीची गाठ तेवढी उरली होती. मॅडम खाली बसल्या, बोटांनी माती उकरली आणि एक कांदा वर काढला. तो त्यांच्या बोटांत दबला. आतून पाणी आलं, घाण वास आला. त्यांनी दुसऱ्या आळ्यात बोट घातलं, मग तिसऱ्या. 

"काय झालं, म्याडम?" मामंजी म्हणाले. "पानी कमी पडलं का?"

मॅडमनी माझ्याकडं पाहिलं. आणि मी बोलले. पदर घसरला तो घसरू दिला. "मामंजी, तुम्ही मारलंत त्यांना. गवत काढलंत, पाणी घातलंत, युरिया घातलात. त्यांना यातलं काहीच नको होतं. त्यांना नुसतं राहू द्यायचं होतं."

लग्नानंतर पहिल्यांदा मी त्यांचा चेहरा सरळ बघत होते. मला वाटलं ओरडतील. पण ओरडले नाहीत. ते दगडांच्या रांगेकडं बघत राहिले. इतके दिवस रोज सकाळी ती कळशी वर नेलेली, आणि हे.  मग अगदी हळू, खरंच कळेना म्हणून विचारावं तसं ते म्हणाले, "मग आदी का न्हाई सांगितलंस, पोरी?"

मी काही बोलायच्या आत आत्याबाई पुढं आल्या. "तिनं सांगितलं हुतं," त्या म्हणाल्या. "रोज सांगत हुती. म्या तुमास्नी सांगितलं न्हाई."

मामंजींनी त्यांच्याकडं पाहिलं. काठी उचलली आणि ते एकटेच खाली उतरले. मॅडमनी दुपारची गाडी धरली. जाताना त्या मला म्हणाल्या, यंदाचं वर्ष गेलं असं धर, पण जूनमध्ये ये, मी जागा ठेवीन. झाड नसलं तरी चालेल.

त्या दिवसापासून आमच्या घरातली एक गोष्ट बदलली. मामंजी माझ्याशी थेट बोलू लागले. चहा मागायचे, पेपरातलं काही वाचून दाखवायचे, डोंगरात आणखी कुठं खरपुडी असेल का म्हणून विचारायचे. आणि आत्याबाईंशी त्यांनी बोलणं टाकलं. भांडण नाही, शिवी नाही, हात उगारणं नाही. त्या समोर आल्या की ते भिंतीकडं बघायचे. आत्याबाईंना काही सांगायचं असलं की त्या मला सांगत, मी सोप्यात जाऊन त्यांना सांगत असे. "त्यास्नी म्हनावं, दिवाळीला लेकीला आनायला जायाचं का?" मी जाऊन विचारायची. ते मला उत्तर द्यायचे. दिवाळी गेली, संक्रांत गेली, शिमगा गेला. आत्याबाई आधी माझ्याशी खूप बोलायच्या, मग कमी बोलू लागल्या. गावातल्या बायकांत जाणंही त्यांनी सोडलं. कधी चुलीपुढं बसल्या बसल्या मला विचारायच्या, "आज काय म्हनले का?" आणि मी काहीतरी चांगलं सांगायची. भाजी आवडली म्हणाले. तुमच्या खोकल्याचं विचारत होते. एकदा तर म्हणाले, पाटणहून औषध आणू का. त्यातलं काहीच मामंजी म्हणालेले नसायचे. पण रात्री आत्याबाई दोन घास जास्त खायच्या, आणि मला तेवढंच हवं असायचं.

मे महिना संपत आला. मी परड्यात वाळवण राखत बसले होते. मामंजी मागच्या दारात येऊन उभे राहिले. कधी येत नसत. घसा खाकरून म्हणाले, "तुझं कालेज कवा सुरू हुतंय? म्या तुझ्या बाला शबूद दिला हुता. ह्या जूनला जा. म्या सोत्ता कराडपतूर सोडतो. येक वरीस लागू दे न्हाईतर दोन. आता तुला कुनी आडवनार न्हाई." एवढं बोलून थांबले. माझ्या उत्तराची वाट बघत होते. त्यांनी कुणाच्या तरी उत्तराची वाट बघितलेली मी त्या घरात पहिल्यांदा पाहिली.

आत चुलीवर तवा तापल्याचा वास येत होता. मी गेल्यावर त्या दोघांच्या मधे कोण जाणार होतं? भाजी आवडली हे कोण सांगणार होतं?

"बघते," मी म्हणाले.

ते गेले. मी वाळवण सोडून आत आले. आत्याबाई भाकरी थापत होत्या. मान वर न करता त्यांनी विचारलं, "काय म्हनत हुते? कोल्हापूरचं काय बोलले का?"

मी ताट घेऊन त्यांच्याजवळ बसले. "बोलले," मी म्हणाले. "यंदा राहू दे म्हणाले."

आत्याबाईंचे हात थांबले. "दगाड हाय मेला," त्या पुटपुटल्या. मग चुलीवरची ताजी भाकरी काढून त्यांनी माझ्या ताटात ठेवली, आणि तिच्यावर तुपाचा चमचा जरा जास्तच ओतला.